‘कोण?’ म्हणायचं नाही

मला खोली देताना आमच्या घरमालकांनी एकच गोष्ट विचारली होती. "बाई, रविवारी दुपारी काही काम असतं का तुम्हाला?"

चाळिशी ओलांडलेली, एकटी, त्यातून शिक्षिका, अशा बाईने सुरतेत भाड्याची खोली शोधायला निघू नये. कुणी आडनाव विचारून गप्प होतं, कुणी 'नॉनवेज खाता का' विचारतं. एका बाईंनी तर 'लग्न का नाही केलं' हे इतक्या जिव्हाळ्याने विचारलं, की मी चप्पल घालेपर्यंत त्यांनी नवसारीच्या एका विधुराचं स्थळही काढलं. शहराच्या कडेला भेस्तानला पोचले तेव्हा मी इतकी दमले होते, की खोटं बोलायचंही त्राण नव्हतं. रविवारी दुपारी मी झोपते, असं सांगून टाकलं.

"मग खाली येऊन झोपा," ते म्हणाले. "खुर्ची देतो. पण यायचं. वरची खोली तुमची, पाणी सकाळचं, आणि रविवारी दुपारी आमच्याकडं सिनेमा. एवढीच अट."

किल्ली हातात देताना त्यांना दुसरी अट आठवली. "आणखी एक. दार वाजलं तर 'कोण?' म्हणायचं नाही. उघडायचं असेल तर उघडा, नसेल तर पडून राहा. पण आतून 'कोण?' नाही विचारायचं या घरात."

म्हातारा थोडा सटकलेला दिसतो, असं मनात म्हणत मी किल्ली घेतली. खोलीला दोन खिडक्या होत्या आणि माझी शाळा पांडेसऱ्यात, म्हणजे रिक्षाने जवळ. सटकलेल्या माणसांबरोबर राहायची मला सवय होती, मी सातवीला शिकवत होते.

त्यांना सगळी गल्ली नाना म्हणायची. खरं नाव लाइटबिलावर असायचं, ते मी एकदा वाचलं आणि विसरले. उंच, वाळलेले, अंगात बंडी आणि पट्ट्यापट्ट्यांचा पायजमा. एका डाइंग मिलमध्ये जन्मभर कापड रंगवलं होतं, त्यामुळे नखांच्या कडा कायमच्या निळसर झालेल्या. माणूस निवृत्त झाला होता, पण भुवया झाल्या नव्हत्या. बोलताना एक भुवई कपाळावर चढायची आणि दुसरी जागच्या जागी राहायची. सकाळी नळाला पाणी आलं की ते आधी बादलीला वाकून मुजरा करत आणि मग ती नळाखाली ठेवत. भाजीवालीशी घासाघीस करताना मध्येच थांबून गल्लीला विचारत, "मंडळी, ऐकताय ना?" गल्लीत कुत्र्याशिवाय कोणी नसायचं. दमले की ते मोठ्याने बोलू लागत.

"दमलो हे लोकांना कळू द्यायचं नाही बाई," ते मला सांगत. "आवाज चढवायचा. त्यांना वाटतं, गडी रंगात आलाय."

मी हा उपाय वर्गात करून पाहिला. माझी पोरं घरी अहिराणी बोलतात, मैदानावर गुजराती, एकमेकांशी हिंदी, आणि मराठी फक्त परीक्षेच्या पेपरात. माझा आवाज चढला तेव्हा त्यांना वाटलं की बाईंना बरं नाही. तिसऱ्या दिवशी घसा बसला.

राहायला आले त्याच संध्याकाळी खालून हाक ऐकू आली, "ओ मावशी, चला, भाकर गार होते!" घरात कोणी मावशी आहे, हे ऐकून मला हायसं वाटलं. पिण्याच्या पाण्याचं विचारायला म्हणून खाली गेले, तर पाटावर एक बुटका, रुंद खांद्यांचा म्हातारा बसलेला. मिशा अशा पांढऱ्या आणि भरघोस, की घास त्यांना बाजूला सारून आत जात होता. नाना चुलीसमोर बसावं तसे गॅससमोर स्टुलावर बसून कळण्याच्या, म्हणजे ज्वारी-उडदाच्या, भाकरी थापत होते आणि तव्यावरची भाकरी थेट त्या माणसाच्या ताटात टाकत होते.

"ही आमची मावशी," नाना म्हणाले.

मावशींनी मान हलवली आणि मिशीवरचा भाकरीचा तुकडा पुसला. मी पाण्याचं न विचारताच वर आले.

पुढे कळलं ते असं. हे दोघं तरुणपणी खान्देशातल्या एका तमाशाच्या फडात होते. नाना सोंगाड्या. तमाशात सुरुवातीला गौळण असते. गौळणी दही-दूध घेऊन मथुरेच्या बाजाराला निघतात, आणि वाटेत कृष्ण नि त्याचा सवंगडी पेंद्या 'कोण?' म्हणत त्यांना अडवतात. 'मी!' म्हणत पुढे होणारी त्या गौळणींची पुढारी म्हणजे मावशी, आणि ती मावशी नेहमी पुरुषच लुगडं नेसून करतो. नाना पेंद्या व्हायचे आणि हे मावशी. फड सुटला, दोघं सुरतेला आले, एकाच मिलमध्ये लागले, एक रंगावर आणि दुसरा फोल्डिंगमध्ये, पण नाव मात्र तेच राहिलं. मावशी आले, मावशी झोपले, मावशींचे गुडघे दुखतायत, हे सगळं मीही महिनाभरात न अडखळता बोलू लागले.

मावशी बोलत फार कमी. नाना दोघांचं मिळून बोलत. नानांची बायको होती तोवर ती दोघांना वाढायची म्हणे, ती गेल्यावर नाना स्वतः थापू लागले. गरम भाकरी मावशीला, शेवटची, कडा करपलेली नानांना. मावशींचं अंथरूण खिडकीशी, नानांचं दाराशी. मावशींना पेन्शनीच्या कामाला जायचं असलं तर नाना रिक्षा आणून आधी आपण बसून बघत, सीट फाटलेली नाही ना. मला हे सगळं थोडं अतीच वाटायचं. मित्राची काळजी घ्यावी, पण देवाला नैवेद्य दाखवल्यासारखं कोणी कोणाला रोज वाढत नाही.

आता सिनेमाचं सांगते. माझ्या आधी वरच्या खोलीत इंजिनिअरिंगचे काही विद्यार्थी राहत होते. ते जाताना एक पेनड्राइव्ह विसरून गेले. नानांनी तो टीव्हीला लावून पाहिला आणि त्यात त्यांना एक सिनेमा सापडला. भाषा कुठली ते कळेना, खाली इंग्रजी पट्टीही नव्हती. माझ्या शाळेतल्या इतिहासाच्या सरांना मी मोबाइलवर त्यातलं एक गाणं ऐकवलं, तेव्हा त्यांनी ती स्पॅनिश आहे असं सांगितलं. त्या देशात बरीच वर्षं एकाच सेनापतीचं राज्य होतं, लोक हळू आवाजात बोलायचे, असंही म्हणाले.

सिनेमात एक नाटक-गाण्याची मंडळी आहे. एक खटारा ट्रक, त्यात पेटारे, वाजंत्री, झालरीचे कपडे आणि पेंगणारी माणसं. गावोगाव जायचं, भिंतीवरच्या सेनापतीच्या फोटोला हात करायचा, नाचायचं, गायचं, पुन्हा ट्रकमध्ये चढायचं. पुढच्या खुर्च्यांवर दर गावात तेच ते गणवेशवाले. एकही माणूस धड झोपलेला दिसत नाही.

"हाऊ आमनाच फड शे," नानांनी पहिल्यांदा पाहिला तेव्हा म्हटलं म्हणे. तेव्हापासून दर रविवारी दुपारी तोच सिनेमा लागत होता. दुसरा कुठलाही त्यांना चालत नसे.

भाषा कळत नाही ही अडचण नानांच्या दृष्टीने अडचणच नव्हती. आवाज बंद करायचे, पडद्यापुढे आपली खाट ओढायचे आणि सगळ्या पुरुषांच्या तोंडी अहिराणी घालायचे. बायकांची बोलणी मावशी बोलत, आणि एरवी घोगरा असलेला त्यांचा आवाज तिथे असा पातळ, ठसक्याचा होत असे, की पहिल्या रविवारी मी मिशांकडे बघतच राहिले.

"माय व, पाय दुखी ग्यात मन्हा. कितलं नाचू?" पडद्यावरची नाचणारी बाई मावशींच्या तोंडून विचारायची.

"नाच, नाच. हाऊ मोठा साहेब पुढे बठेल शे. त्याले हसू येत नही, त्याना दात किडेल शेत," नाना ट्रकच्या मालकाच्या तोंडून सांगायचे.

दर रविवारी संवाद वेगळे. गॅस सिलिंडर उशिरा आला तर त्या आठवड्यात स्पेनमध्येही सिलिंडर उशिरा यायचा. नानांना खोकला आला की मावशी तिथल्या तिथे त्यांचं वाक्य उचलत. एकदा तर सेनापतीच पातळ आवाजात भाषण करू लागला आणि मी खुर्चीवरून पडायची राहिले. नाना पाणी पिऊन म्हणाले, "हाच नियम आहे बाई. बतावणीत, म्हणजे तमाशातल्या गमतीच्या बोलाचालीत, गप पडू द्यायचं नाही. माझं वाक्य पडलं तर मावशीनं उचलायचं. लोक खोकायच्या आत."

पण सिनेमा शेवटपर्यंत कधी व्हायचा नाही. एका जागी ट्रक नाक्यावर अडतो. आडवा बांबू, दोन शिपाई, एक अधिकारी बूट वाजवत येतो आणि माणसांना खाली उतरायला सांगतो. माणसं रांगेत उभी राहतात. इथे नाना रिमोट दाबायचे.

"आज इतलंच," म्हणायचे आणि उठून चहा ठेवायचे.

पुढचं काय, असं मी एकदा विचारलं. "पुढं काही नाही, पुढं नुसतं ऊन आहे," ते म्हणाले. मावशी खिडकीबाहेर बघत राहिले.

'कोण?'चा नियम मी एकदा मोडला. कुरिअरवाला आला होता, मी जिन्यातून उतरत होते आणि सवयीने ओरडले, "कोण आहे?" स्वयंपाकघरात भांडं पडलं. नाना बाहेर आले, हातावर ओलं पीठ तसंच. मी त्यांना रागावलेलं कधी पाहिलं नव्हतं, तेव्हाही ते रागावले नव्हते. त्यांच्या दोन्ही भुवया खाली होत्या. "बाई, एवढं एक सांगितलं होतं ने तुम्हाला," ते हळू म्हणाले, आणि जाऊन दार उघडलं.

मला त्यांचा कंटाळाही यायचा, हे लपवत नाही. आठवडाभर पोरांच्या मागे ओरडून झाल्यावर रविवारी दुपारी तोच ट्रक आणि तीच धूळ. एका रविवारी मी सरळ सांगितलं, नाना, आज मला जमणार नाही. त्यांनी वाद घातला नाही. खाली बराच वेळ काहीच ऐकू आलं नाही. मी अंथरुणावर पडले होते, पण झोप लागेना. शेवटी उठून गेले तर दोघं पडद्यापुढे नुसते बसलेले, सिनेमा पहिल्याच चित्रावर थांबवलेला. "बघणारं कोणी नसलं की बोलता येत नाही," नाना म्हणाले. मी खुर्ची ओढली.

एकदा गणेशोत्सवात पांडेसऱ्याच्या मंडळाने त्यांना बोलावलं. सुरतेत खान्देशी माणूस काही थोडा नाही, जुन्या लोकांना तमाशातले नाना आठवत होते. नाना चार दिवस आधीपासून गुळण्या करत होते. मग मंडळाचा सेक्रेटरी आला. "नाना, मोठे पाहुणे आहेत. तुम्ही काय बोलणार ते जरा लिहून द्या ने." नाना "बरं" म्हणाले. कार्यक्रमाच्या दिवशी फेटा बांधून मंचावर गेले, सगळ्यांना मुजरा केला आणि म्हणाले, "मंडळी, माझं बोलणं सेक्रेटरीसाहेबांकडं आहे. तेच वाचतील." आणि उतरले. हशा प्रचंड झाला. सेक्रेटरीही हसला. लोकांना वाटलं, हाच कार्यक्रम.

रिक्षात मात्र नानांनी फेटा उतरवून मांडीवर ठेवला. घरी आल्यावर जिन्यात थांबून म्हणाले, "तेव्हाबी असंच लिहून मागितलं होतं."

तेव्हा म्हणजे कधी, ते मला त्यानंतरच्या थंडीत कळलं. मावशी दवाखान्यात गुडघे दाखवायला गेले होते, नाना गच्चीवर मेथी निवडत बसले होते आणि मी पेपर तपासत होते. काही विचारलं नव्हतं मी. तेच बोलू लागले.

आणीबाणीचे दिवस. फडाला गावात खेळ लावायचा तर तालुक्याच्या साहेबाची परवानगी लागायची. साहेब म्हणे, वगात कुटुंबनियोजनाचा प्रचार घाला आणि काय बोलणार ते आधी लिहून द्या. "वग कधी कोणी लिहितो का बाई? समोरची माणसं बघून सुचतं ते बोलायचं." कुणा मास्तराकडून काहीतरी लिहून घेतलं आणि दिलं. त्या भागात नसबंदीचे कॅम्प चालले होते. माणसं ट्रकमधून नेत, बाजारातून नेत. जत्रेला बाप्या माणूस यायला घाबरत होता, तरीही खेळाला गर्दी जमली. साहेब पुढच्या खुर्चीवर.

गौळण सुरू झाली. पेंद्याने वाट अडवली. मावशी पुढे आली. आणि नानांना सुचलं.

"मी म्हटलं, मावशी, तो कंसमामा भारी अडाणी. देवकीची पोरं मारत बसला. आमच्या साहेबाला विचारलं असतं, तर वसुदेवालाच कॅम्पात नेला असता. ना आठवा झाला असता, ना तुझ्या दह्याला हात लागला असता!" नानांची एक भुवई चढली, आणि लगेच उतरली. "काय टाळी पडली बाई. तशी टाळी मला पुन्हा नाही मिळाली. साहेबानंबी वाजवली. मग त्याच्या कानात कोणीतरी सांगितलं."

सकाळी फडाची गाडी पुढच्या गावाला निघाली, तर नाक्यावर बांबू आडवा. साहेब स्वतः. सगळ्यांना खाली उतरवलं, उन्हात रांगेत उभं केलं. साहेबाने विचारलं, "काल ते कोण बोललं?" रात्री त्याने बत्तीच्या उजेडात पाहिलेलं, आणि सगळी तोंडं रंगवलेली होती. आता कोण कोण ते त्याला ओळखू येत नव्हतं.

"मी गप राहिलो," नाना म्हणाले. "बायको घरी पोटुशी होती.  मी खाली मातीकडं बघत होतो. साहेबानं पुन्हा विचारलं, कोण बोललं? तेव्हा मागून आवाज आला, 'मी.' मावशीच्या आवाजात. तिथं, उन्हात. ढोलकीवाला फिस्सकन हसला, त्यामुळं साहेब जास्तच भडकला. त्यानं मावशीला उतरवून घेतलं. गाडी सोडून दिली."

मावशी काही दिवसांनी कॅम्पातून परत आले. वैशाखात त्यांचं लग्न ठरलेलं होतं. मुलीच्या बापाला कुणीतरी सांगितलं, ते मोडलं. पुन्हा कुठे जमलं नाही. मावशींनी मिशा वाढवल्या, म्हणजे पुन्हा लुगडं नेसायला कोणी सांगणार नाही. नानांनीही फड सोडला, सुरतेला आले, आणि पहिली सुट्टी मिळाली तेव्हा गावी जाऊन मावशींना घेऊन आले.

"माझ्यासाठी उतरला तो," नाना म्हणाले. "मी गप राहिलो आणि तो उतरला. का उतरलास, असं मी आजवर विचारलं नाही. कोणत्या तोंडानं विचारू? तुम्ही बायामाणसं विचारू शकता, पण तुम्हीबी विचारू नका." मेथीच्या काड्या त्यांनी निवडलेल्या पानांत टाकल्या होत्या. मी त्या वेगळ्या केल्या.

मला तेव्हा खूप वाईट वाटलं, दोघांसाठीही. इतकी वर्षं एक माणूस दुसऱ्याला गरम भाकरी वाढतो, आणि दोघांच्या मध्ये ते एक वाक्य पडलेलं. ते उचलायला कोणीच वाकत नाही. मी मावशींना काही विचारलं नाही. विचारायला हवं होतं असंही मला वाटत नाही. ते त्यांचं होतं.

गेल्या उन्हाळ्यात नानांना झटका आला. उजवी बाजू गेली, तोंड वाकडं झालं, वाचा बसली. डॉक्टर म्हणाले, व्यायाम करून घ्या, शब्द येतीलही, नाहीही. मुलगा कामरेजला असतो, त्याचं लहानसं वर्कशॉप आहे. तो न्यायला आला. चांगला मुलगा आहे, त्याने गाडीही आणली होती. नानांनी डाव्या हाताने खाटेची कड अशी धरली, की सुटेना. मुलाने मावशींकडे पाहिलं आणि गाडी परत नेली.

मग घरातलं सगळं उलटं झालं. मावशी स्टुलावर बसून भाकरी थापू लागले. त्यांच्या भाकरी कधी गोल आल्या नाहीत. कुस्करून, दुधात भिजवून नानांना भरवायचे. नानांना ते सोसवत नसे. घास तोंडात आला की डोळे मिटून घ्यायचे. ज्याला जन्मभर वाढलं त्याच्याच हातून खायचं, ही त्यांना शिक्षा वाटत होती. मी समजूत घालायचा प्रयत्न केला, पण समजूत घालायला मी फार दमलेली होते. शाळेत मराठीचा आणखी एक वर्ग बंद झाला होता, आणि उकाडा असा की गच्चीवरची टाकी दुपारी उकळत होती.

रविवारच्या दुपारी सुन्या जाऊ लागल्या. मला झोपायला मिळत होतं आणि झोप येत नव्हती.

पावसाळा संपता संपता एका रविवारी मावशींनी खालून हाक मारली, "बाई, या. खुर्ची मांडेल शे."

खाली गेले तर खाट पडद्यापुढे ओढलेली, नाना उशांना टेकवून बसवलेले. मावशींनी आवाज बंद केला आणि सिनेमा सुरू केला. आणि त्या अबोल माणसाने एकट्याने सगळा फड बोलायला घेतला. ट्रकचा मालक, ढोलकीवाला, नाचणारी बाई, किडलेल्या दातांचा साहेब. नानांसारखं त्यांना सुचत नव्हतं. कित्येक विनोद नानांचेच जुने होते, आणि तेही ते चुकीच्या जागी टाकत होते. नाना टक लावून बघत होते. एका ठिकाणी त्यांची डावी भुवई जराशी हलली, म्हणजे वाक्य चुकलं असावं.

ट्रक नाक्यावर आला. बांबू आडवा झाला. नानांचा डावा हात गादीवर चाचपू लागला. रिमोट तिथे नव्हता. मावशी त्यावर बसले होते, मला कोपरा दिसत होता. नाना घशातून काहीतरी ओरडले. मी उठणार होते, पण मावशींनी हाताने मला बसवलं.

पडद्यावर माणसं रांगेत उभी राहिली. अधिकारी बूट वाजवत आला, कमरेवर हात ठेवले, त्याचे ओठ हलले. मावशी भरड्या आवाजात म्हणाले, "काल ते कोन बोलनं व्हतं रे?"

आणि गप्प झाले.

मला नियम माहीत होता. वाक्य पडलं की मावशीने उचलायचं, लोक खोकायच्या आत. मी त्या पातळ आवाजाची वाट बघत राहिले. तो आला नाही. पडद्यावरची माणसंही गप्प होती. अधिकाऱ्याचे ओठ पुन्हा हलले. मावशींनी पुन्हा विचारलं, या वेळी पडद्याकडे न बघता, नानांकडे बघून. "कोन बोलनं व्हतं?"

नानांचं वाकडं तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. गळ्याच्या शिरा वर आल्या. मला वाटलं, त्यांना दुसरा झटका येतोय.

"मी," नाना म्हणाले.

झटका आल्यापासून त्यांच्या तोंडून निघालेला पहिला शब्द. एवढा स्वच्छ, की मी दचकले.

"हां," मावशी म्हणाले. "आते बराबर." मग ते खाटेवर सरकून नानांच्या जवळ गेले. "त्या दिन बी तुनीच पाळी व्हती. तू गप ऱ्हायना, आन मन्हा तोंडमातून निंघी गयं. रोज रातले निंघे, तसंच. कोनी वाट आडाई, कोन म्हनी इचारं, का मी म्हनाचं. सवय पडेल व्हती, येड्या. मी काय तुनासाठे उतरनू नही. आन तू इतला वरीस माले देवघरमा बसाडी ठेवं."

नाना त्यांच्याकडे बघत राहिले. मग त्यांचं अर्धं तोंड हसू लागलं. अर्धं हसेना, ते तसंच लोंबकळत राहिलं, पण हललेलं अर्धं असं हसत होतं, की सगळी खाट हलू लागली. दोन्ही डोळ्यांतून पाणी वाहत होतं, त्यातलं वाकड्या बाजूचं तोंडात जात होतं. मावशी बंडीच्या टोकाने ते पुसत होते आणि स्वतःही फुसफुसत होते, मिशांच्या आत. मला रडू आलं आणि मी ते येऊ दिलं.

मावशी खरं बोलले, की नानांचं पडलेलं वाक्य त्यांनी पुन्हा एकदा उचललं, ते मला माहीत नाही. सिनेमात त्या माणसांचं पुढे काय झालं, तेही माहीत नाही. पडदा चालूच होता, पण आम्ही तिघंही तिकडे बघत नव्हतो. सिनेमा कधी संपला ते कळलंही नाही.

त्यानंतर नाना मावशींच्या हातची वाकडी भाकरी डोळे उघडे ठेवून खाऊ लागले. दिवाळीनंतर ते गेले, सकाळी, नळाला पाणी यायच्या वेळी. मुलाने घर विकलं नाही, मावशी आहेत तोवर राहू द्या म्हणाला. मीही वरच आहे. रविवारी दुपारी मी झोपते.

दाराची बेल वाजते, तेव्हा आता मावशी आतून मोठ्याने विचारतात, "कोन शे?" दूधवाला असतो, कधी गॅसवाला, कधी मीच किल्ली विसरलेली असते. बाहेरून उत्तर येतं. तरीही मावशी लगेच उठत नाहीत. नानांच्या रिकाम्या खाटेकडे बघत थोडा वेळ थांबतात, आणि मग गुडघे धरून दार उघडायला येतात.